पॉइंटकाका

मे महिन्यात नागपुरात कोणी “आज किती?” विचारलं, तर तो सोन्याचा भाव विचारत नसतो. साधा माणूस “पंचेचाळीस” म्हणून रुमालानं मान पुसतो. पण प्रत्येक गल्लीत एक पॉइंटकाका असतात. ते चष्मा वर करतात नि म्हणतात, “पंचेचाळीस पॉइंट शून्य.”

काकांकडे तीन थर्मामीटर. एक कडुनिंबाखाली, एक गच्चीवर, एक कुलरच्या मागे. आज 46.2, 44.8 आणि 43.9. बेरीज 134.9, भागिले तीन, उत्तर 44.9666… कॅल्क्युलेटर आणखीही सहा दाखवायला तयार असतो. “मोजलं एका पॉइंटापर्यंत, मग सरासरीत इतके सहा आले कुठून बे? कुलरच्या टाकीतून?” म्हणून 45.0. त्यातलं शून्य विसरलात, तर काका आठवडाभर बोलत नाहीत. काकू म्हणतात, “तेवढं शून्य पन्ह्यात टाका न प्या, बाप्पा!”

हवामानशास्त्रात दिवसाचं सरासरी तापमान कमाल नि किमान मिळवून दोनानं भागतात, हे काकांना ठाऊक आहे. मान्य मात्र नाही. पंचेचाळीस अधिक एकतीस भागिले दोन म्हणजे अडतीस. “अडतीस? हे तर पुण्याचं झालं!”

आकडा राउंड ऑफ कसा करायचा, याचं भारतीय मानक त्यांना तोंडपाठ. मानकांत पहिला क्रमांक तिरंग्याचा, दुसरा राउंड ऑफचा, हे ते असं सांगतात की ऐकणाऱ्यानं उभंच राहावं. पुढे नेमका पाच आला तर जवळच्या सम आकड्याकडे जायचं. आणि राउंड ऑफ एकदाच करायचं, टप्प्याटप्प्यानं नाही. हा नियम काका उन्हाच्या शर्यतीतल्या चंद्रपूरला काटेकोर लावतात. समजा, नवतप्याच्या नऊ तापत्या दिवसांची त्यांची सरासरी 46.45 आली, तर सरळ 46. नागपूरची 45.46 आली, की आधी 45.5, मग हळूच 46. झाली बरोबरी. “काका, हे दोन टप्पे झाले.” “काहून बे, तू चंद्रपूरचा काय?”

23 मे 2013 ला नागपुरात 47.9 नोंदलं गेलं. काका त्याला अठ्ठेचाळीस म्हणतात. एरवी शून्यासाठी भांडणारा हा माणूस इथे पॉइंटाचं नाव काढत नाही.

आणि मग 30 मे 2024 उजाडला. शहरातल्या एका स्वयंचलित केंद्रानं 56 दाखवलं, सोनेगावच्यानं 54. बाकी दोन 44 च्या आसपास. काका अनवाणी गच्चीवर. बेरीज 198, भागिले चार, 49.5! “शाळेचा नियम लाव की मानकाचा, पन्नासच येते!” इतका आनंद त्यांना मुलाच्या लग्नातही झाला नव्हता, असं काकूंचं मत आहे.

पुढे हवामान खात्यानं सांगितलं की सेन्सर बिघडले होते. सहा आकडी सरासरी नाकारणाऱ्या काकांनी बिघडलेल्या आकड्यांचीही सरासरी काढली होती, हे मी त्यांना बोललो नाही. कुलरसमोरची खुर्ची त्यांच्याच घरची आहे.

वहीत त्या तारखेसमोर लाल शाईतला 50 अजून आहे. खाली पेन्सिलनं, अगदी बारीक अक्षरात, “सेन्सर खराब” लिहिलंय.