जागल्याची बरखास्ती

पेशवाई संपुष्टात आल्यावर नव्याने हाती आलेल्या मुलखाची हकीकत वरिष्ठ सरकारास कळविण्यासाठी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याने १८१९ साली जो अहवाल लिहिला, त्यात पाटील-कुलकर्ण्यांच्या जोडीने गावच्या जागल्यालाही मानाची जागा मिळाली आहे. रात्री गस्त घालावी, गावात कोण आले आणि गावातून कोण गेले याची खबर ठेवावी, परका इसम संशयास्पद वाटल्यास पाटलाच्या कानी घालावे आणि गावातल्या एकूण एक माणसाची चालचलणूक मनात टिपून ठेवावी, अशी त्याची कामे. आणि चोरी झालीच, तर पावलांचा माग काढीत शेजारच्या गावाच्या शिवेपर्यंत जाणे, तिथल्या जागल्याची खात्री पटवणे आणि तो माग त्याच्या स्वाधीन करणे हेही त्याच्याचकडे. इथवर वाचून आजच्या वाचकास जागल्या म्हणजे घोंगडी पांघरलेला कॅमेराच वाटेल. परंतु पुढचा मजकूर वाचला की हे साम्य तत्काळ संपते. माग ज्या गावात जाऊन थांबे त्या गावाने चोरीच्या मालाची भरपाई करावी, त्यातला ऐपतीपुरता भाग जागल्याने पदरचा भरावा आणि उरलेला साऱ्या गावावर बसवावा, असा तेव्हाचा दंडक होता.

पाहण्याचे काम ज्याने पत्करले त्याने न दिसल्याची तोशीसही सोसावी, ही त्या अडाणी काळाची अडाणी समजूत. आपण ती मोडीत काढली आणि जागल्याच्या जागी जो नवा नोकर ठेवला त्याला झोप नाही, तंबाखूची तलफ नाही, दिवाळीची बक्षिसी नाही आणि मुख्य म्हणजे कसलीही जोखीम नाही. त्याच्या डोळ्यांदेखत दुकान फुटले तरी तो दुसऱ्या दिवशी पंचनाम्याच्या वेळी तितक्याच निर्विकार मुद्रेने भिंतीवर हजर असतो, आणि बसवणाऱ्या कंपनीचा माणूस येऊन सांगतो की कॅमेरा उत्तम आहे, फक्त हार्ड डिस्क गेल्या महिन्यापासून भरलेली होती.

मुंबईने या नोकराची वाट पुष्कळ पाहिली. २००८ च्या नोव्हेंबरातल्या हल्ल्यानंतर राम प्रधान आणि व्ही. बालचंद्रन यांच्या समितीने शहरावर कॅमेऱ्यांची नजर असावी अशी शिफारस केली. या शिफारशीला कोणाचाच विरोध नसल्याने तिचे पुढे काय करावे हे सरकारदरबारी कोणालाच सुचेना. निविदा निघाल्या, बारगळल्या, पुन्हा निघाल्या. दरम्यान पुण्यात २०१० साली जर्मन बेकरीत, मुंबईत २०११ च्या जुलैत झवेरी बाजार, ऑपेरा हाउस आणि दादर येथे, पुन्हा पुण्यात २०१२ साली जंगली महाराज रस्त्यावर स्फोट झाले, आणि मुंबईचे साडेचार हजारांवर कॅमेरे प्रत्यक्ष खांबांवर चढेपर्यंत २०१६ साल उजाडले. दहशतवाद्यांच्या नावाने मंजूर झालेल्या या यंत्रणेला रोजच्या व्यवहारात सापडला तो मात्र हेल्मेट घरी विसरलेला कारकून. त्याचे छायाचित्र, गाडीचा क्रमांक, वार, वेळ आणि दंडाची रक्कम असा संपूर्ण दस्तऐवज ई-चलान या नावाने आता त्याच्या मोबाइलवर परस्पर दाखल होतो. तीन हेरांचे म्हणणे स्वतंत्रपणे जुळले तरच खबरीवर विश्वास ठेवावा असे कौटिल्याने अर्थशास्त्रात बजावून ठेवले आहे. परंतु कौटिल्याला सिग्नलवरचा कॅमेरा ठाऊक नव्हता, नाहीतर दोन हेरांचा पगार त्याने वाचवला असता.

सोनसाखळी खेचणारे या कॅमेऱ्यांमुळे सापडतात, धक्का देऊन पळालेली मोटार सापडते, स्टेशनवर हात सुटलेले पोरही सापडते, आणि ज्याचे पोर सापडले त्याच्यापुढे या सदराची टिंगल करण्याची प्राज्ञा नाही. आमची तक्रार कॅमेऱ्याच्या डोळ्याविषयी नाहीच. तो डोळा ज्याच्या हुकमाने वळतो त्या मानेविषयी आहे.

घरातल्या कॅमेऱ्याचा जन्म खरोखर मोठ्या सद्धेतूने झाला. न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात मेरी व्हॅन ब्रिटन ब्राउन नावाची एक परिचारिका राहत असे. कामाच्या वेळा विषम, नवराही पुष्कळदा घराबाहेर, वस्ती गुन्हेगारीची आणि हाक मारल्यावर पोलीस यायला उशीर. तेव्हा त्या बाईने नवऱ्याच्या मदतीने दाराला वेगवेगळ्या उंचीवर चार भोके पाडून त्यांमागे वरखाली सरकणारा कॅमेरा बसवण्याची योजना आखली. दाराबाहेरचा इसम आतल्या पडद्यावर दिसावा, त्याच्याशी बोलता यावे, मनुष्य ओळखीचा असल्यास बटन दाबून कडी काढता यावी, नसल्यास दुसरे बटन दाबून मदत मागता यावी, अशी ती सगळी रचना. १९६६ साली अर्ज केला आणि २ डिसेंबर १९६९ रोजी पेटंट मिळाले. या बाईचा कॅमेरा दाराबाहेर पाहत होता. आमच्याकडे येईपर्यंत त्याने मान वळवली आणि तो घरात पाहू लागला.

पुण्यातल्या कोणत्याही जुन्या-नव्या पेठेत वा उपनगरात, जिथे आईवडील इथे आणि चिरंजीव कॅलिफोर्नियात अशी कुटुंबाची सुबक वाटणी झालेली आहे, तिथे दिवाणखान्यातल्या कपाटावर एक पांढरे, वाटोळे, अंड्याएवढे यंत्र विराजमान झालेले आढळेल. चिरंजीव डिसेंबरात तीन आठवड्यांसाठी येतात, आंबोळ्या खातात, बँकेची कामे उरकतात आणि परतण्याच्या आदल्या दिवशी वात्सल्याची दिशा उलटी करून ते यंत्र बसवून जातात. त्यानंतर त्या घरात एकांत असा उरत नाही. मधुमेही वडील मध्यरात्री चोरपावलांनी फडताळाशी जातात, गुळाचा खडा तोंडात टाकतात, आणि बरोबर त्याच क्षणी, तिकडे सकाळचे साडेअकरा वाजलेले असल्यामुळे, कपाटावरून आकाशवाणी होते, “बाबा, काय चाललंय?” ज्या मुलाने शाळेच्या दिवसांत फडताळातले लाडू लांबवताना बापाच्या चाहुलीने दचकावे, त्याने आज सात समुद्रांपलीकडून बापाला दचकवावे, हा कालाचा न्याय मोठा विलक्षण होय. आईने आपल्यापुरता तोडगा काढला आहे. रेडिओला, मग दूरदर्शन संचाला आणि त्यानंतर मिक्सरला तिने जसे हौसेने विणलेले झाकण घातले, तसेच आता या यंत्रालाही घातले आहे. धूळ बसते, असे ती मुलाला सांगते. दुपारी जेवणानंतर शेजारीण येते, झाकण पडते आणि सुनेच्या विषयाला सुरुवात होते.

याच यंत्राचा दुसरा उपयोग कामाला येणाऱ्या बाईसाठी. ती भांडी घासते तेव्हा मालकीणबाई कचेरीत बसून मोबाइलवर ती घासताना पाहतात, आणि पाळण्यातले मूल रडले तर बाईने ते किती वेळाने उचलले याची मोजदाद ठेवतात. ज्या घरात बाईच्या चहाचा कप वेगळा असतो त्याच घरात तिच्यावरची नजर मात्र अशी अखंड असते. तिचा पगार वाढवताना मागचे चित्रण काढून तिची चोख हजेरी कोणी पाहिल्याचे आमच्या ऐकिवात नाही.

नात्यागोत्यातही हा प्रकार शिरला आहे. कोलकात्यात एकाच वास्तूत राहणाऱ्या भावांत घरातल्या कॅमेऱ्यांवरून तंटा झाला, तेव्हा सहरहिवाशाच्या संमतीवाचून राहत्या जागेत असे कॅमेरे चालवता येणार नाहीत, असे तिथल्या उच्च न्यायालयाने २०२५ साली ठरवले आणि सर्वोच्च न्यायालयाने त्यात हात घातला नाही. सामाईक भिंत, सामाईक विहीर आणि सामाईक आंबा यांवर शतकानुशतके पोसलेल्या दिवाणी वकिलीला यामुळे सामाईक दृष्टिक्षेप हा नवा विषय लाभला आहे.

बरे, ज्याने बसवला तोच एकटा पाहतो म्हणावे, तर तीही खात्री नाही. कारखान्याने घातलेला परवलीचा शब्द बदलण्याचे कष्ट ग्राहक घेत नाही, हे मर्म ओळखून २०१६ साली ‘मिराय’ नावाच्या एका उपद्रवी प्रोग्रामने जगभरातले असंख्य घरगुती कॅमेरे आणि रेकॉर्डर फितवले, आणि त्या सैन्याने ऑक्टोबरात अमेरिकेतली मोठमोठी संकेतस्थळे काही तास बंद पाडली. इथवर विनोद चालेल. २०२५ च्या फेब्रुवारीत राजकोटच्या एका प्रसूतिगृहात स्त्रियांच्या तपासणीच्या खोलीतले चित्रण बाहेर पडून बाजारात विकले गेल्याचे उघडकीस आले, तिथे विनोद थांबतो. त्या खोलीत कॅमेरा बसवताना कोणीतरी ‘सुरक्षेसाठी’ हाच शब्द उच्चारला असणार.

आता सरकारकडे वळू. सरकारलाही कॅमेरा फार प्रिय आहे. फक्त कोणाकडे पाहायचे याविषयी त्याची मते ठाम आहेत. महाराष्ट्राने २०१६ साली डान्स बारसंबंधी कायदा केला, तेव्हा बारमध्ये कॅमेरे लावलेच पाहिजेत, नाचणारी कोण आणि पाहणारा कोण हे सारे नोंदले गेलेच पाहिजे, असा त्यात कटाक्ष होता. सर्वोच्च न्यायालयाने १७ जानेवारी २०१९ रोजी ती अट खासगीपणाला बाधक म्हणून रद्द केली. पुढे त्याच न्यायालयाने २ डिसेंबर २०२० रोजी (ब्राउनबाईंच्या पेटंटचा हा बरोबर एक्कावन्नावा वाढदिवस, योगायोगाला अर्थ नसतो, पण सदरलेखकाला तो टाकवत नाही) देशातल्या प्रत्येक पोलीस ठाण्यात कॅमेरे बसवण्याचा आदेश दिला. प्रवेशद्वार, कोठडी, बोळ, व्हरांडा, निरीक्षकाची खोली यांपैकी एकही जागा सुटू नये, अंधारात दिसावे, आवाजही ऐकू यावा आणि चित्रण शक्यतो अठरा महिने, निदान वर्षभर तरी जपावे, इतक्या तपशिलात न्यायमूर्ती शिरले. जे मागून घेतले होते ते न्यायालयाने काढून घेतले आणि जे कोणीच मागितले नव्हते ते पदरात टाकले, तेव्हा यंत्रणेची गाळण उडाली. बारच्या दारावर जो कॅमेरा रातोरात बसू शकत होता, तो ठाण्याच्या दारावर बसवताना अंदाजपत्रक, तांत्रिक मान्यता, निधीची तरतूद आणि विजेचा दाब अशा दुर्लंघ्य अडचणी उभ्या राहिल्या. आणि जिथे बसला तिथे कोठडीतल्या माणसाची प्रकृती बिघडण्याच्या सुमारासच त्याचीही प्रकृती बिघडू लागली. २०२५ च्या सप्टेंबरात कोठडीतल्या मृत्यूंची बातमी वाचून न्यायालयाला स्वतःहून पुन्हा विचारावे लागले की ते कॅमेरे आहेत कुठे.

मतदान केंद्रावरच्या कॅमेऱ्याचे भाग्य तर आणखी निराळे. तो चालतो, चित्र टिपतो, सर्व काही यथासांग होते. मात्र निवडणूक आयोगाच्या शिफारशीवरून केंद्र सरकारने २०२४ च्या डिसेंबरात नियम बदलून हे चित्रण सर्वसामान्यांच्या पाहणीबाहेर ठेवले, आणि २०२५ च्या मेअखेर आयोगाने कळवले की निकालाला आव्हान नसल्यास ते पंचेचाळीस दिवसांपलीकडे जपण्याचे कारण नाही. मतदाराच्या खासगीपणाची चिंता, हे त्यामागचे एक कारण सांगितले गेले. चौकात, पुलावर, टोलनाक्यावर आणि स्टेशनात ज्या खासगीपणाची कोणी विचारपूस करीत नाही, त्याला निदान एका खोलीत तरी कोणी वाली भेटला, याचा आनंद मानावा.

हे सारे एखाद्या सहकारी गृहरचना संस्थेत फार स्वच्छ दिसते, कारण लोकशाहीचा इतका शुद्ध अर्क अन्यत्र मिळत नाही. लिफ्टची दुरुस्ती, पाण्याची टाकी आणि वाहनतळाच्या रेषा या प्रश्नांवर वर्षानुवर्षे भांडणारी आमची सोसायटी कॅमेऱ्यांचा ठराव मात्र एका हाताचाही अपवाद न होता मंजूर करून मोकळी झाली, कारण मत देणाऱ्या प्रत्येकाने कॅमेरा दुसऱ्याच्या दाराकडे तोंड करून डोळ्यांसमोर आणला होता. सायकली चोरीला जातात म्हणून ते कॅमेरे आले. त्यानंतर सायकल गेली तेव्हा चित्रणात पावसाळी रात्री एक छत्री आत येताना आणि सायकलीसह बाहेर जाताना दिसली. छत्रीचा तपास चालू आहे. परंतु यामुळे कॅमेरे वाया गेले असे कोणी समजू नये. कोणत्या मजल्यावरची कचऱ्याची पिशवी जिन्यात राहते, कोणाचा कुत्रा कोणाच्या मोटारीच्या चाकापाशी थांबतो, कुरिअरवाला पोरगा बंदी असलेल्या लिफ्टने कितव्यांदा वर गेला, वॉचमन पहाटे किती वेळ पेंगला आणि तिसऱ्या मजल्यावरची मुलगी रात्री कोणाच्या दुचाकीवरून उतरली, या सर्वांची चित्रे लाल वर्तुळांसह सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप गटावर प्रसिद्ध होत असतात. कोणी कुरकुर केलीच, तर चेअरमनसाहेब एकच उत्तर देतात: ज्याच्या मनात पाप नाही त्याने भ्यावे कशाला?

परवाच्या वार्षिक सभेत कोषागारातून निवृत्त झालेल्या एका वृद्ध सभासदाने, हातातली काठी सावरीत आणि अत्यंत नम्रपणे, अशी सूचना मांडली की इतके कॅमेरे आहेतच तर एक सोसायटीच्या कार्यालयात, व्हाउचरे ठेवतात त्या कपाटासमोरही असावा. क्षणभर पंख्याचा आवाज ऐकू आला. मग चेअरमनसाहेब उठले आणि कोणालाही अपेक्षा नसलेल्या विद्वत्तेने त्यांनी सभेस सांगितले की सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी २४ ऑगस्ट २०१७ रोजी खासगीपणा हा प्रत्येक नागरिकाचा मूलभूत हक्क असल्याचे एकमुखाने ठरवले असून, व्यवस्थापक समितीचे सदस्य हे देखील नागरिक आहेत. खजिनदारांनी अनुमोदन दिले. वृद्ध सभासदांनी मतदानाचा आग्रह धरला. तेव्हा मतदान अवश्य घ्यावे, परंतु विषयाचे नाजूक स्वरूप लक्षात घेता ते सभागृहातला कॅमेरा बंद करून गुप्त पद्धतीने घ्यावे, असे ठरले.