तेल वाचवल्याबद्दल आभार. पण कुठलं तेल?

प्रति,
श्रीयुत एअर फ्रायर,
ओट्याचा उजवा कोपरा, मोठ्या प्लगजवळ,
जोगेश्वरी (पूर्व), मुंबई ४०० ०६०

विषय : शेंगदाणे भाजताना आपण केलेल्या तेलबचतीबाबत खुलासा मिळणे.

महोदय,

स. न. वि. वि.

तुम्ही आमच्या घरी आलात ते तळणं कमी करण्याच्या जाहीर उद्देशानं. खोक्यावर तसं ठळक छापलं होतं. पहिल्या उत्साहात तुमच्याकडून सगळं करून घेण्यात आलं. बटाटेवड्याचं बेसन जाळीतून खाली ओघळलं आणि वर उकडलेला बटाटा तेवढा राहिला. अळूवडी झाली, पण ती पापडाच्या जवळची निघाली. मग घरानं एकमुखानं निकाल दिला की वडा तळलेलाच खावा, आणि तोही स्टेशनबाहेरचा. त्यानंतर तुमच्याकडे एकच खातं उरलं : दाणे भाजणं. वाईट वाटून घेऊ नका, आमच्या सोसायटीतल्या तुमच्या बहुतेक भाऊबंदांची हीच बदली झाली आहे. अपवाद शेजारच्या मालवणी काकूंकडचा. त्यांचा सगळा स्वयंपाक खोबऱ्यावर, दाण्याच्या कुटावाचून अडत नाही. म्हणून त्यांचा फ्रायर सुकट भाजतो आणि त्याच्या कामाची खबर वासानं तीन मजल्यांना पोचते.

तुमच्या कामाबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती कौतुकाबद्दल. ‘आम्ही हल्ली दाणे बिनतेलाचे भाजतो’, असं आमचे हे आल्यागेल्याला सांगत असतात. महोदय, दाणे तेलात भाजत कोण होतं? माझ्या सासूबाईंनी लोखंडी कढईत, मंद आचेवर, उलथन्यानं हलवत भाजले. त्यांच्या सासूबाईंनी चुलीवर भाजले. तेलाची बाटली तेव्हा फडताळातच होती आणि तिला कुणी हाक मारली नव्हती. दिवाळीच्या चिवड्यातले दाणे तळतात, हे कबूल. पण त्या दिवशी तुम्हाला कुणी विचारत नाही.

उलट तेल आहे ते दाण्यातच. शेंगदाण्याच्या वजनात जवळजवळ निम्मं तेल असतं, म्हणून तर त्याचा घाणा चालतो. शंभर ग्रॅम दाण्यांत साडेपाचशेहून जास्त कॅलरी असतात. त्या तुमच्या टोपलीत शिरताना होत्या आणि बाहेर पडतानाही आहेत. तरीही यंत्रातून निघालेत म्हणून आमच्याकडे दाणे आता वाटीऐवजी वाडग्यानं खाल्ले जातात. तेव्हा तुम्ही वाचवलेलं तेल नेमकं कोणत्या बरणीत भरून ठेवलं आहे, ते लेखी कळवावं.

परंपरेच्या नावानं मी तुमच्याशी भांडणार नाही. परंपरा म्हणावी तर आमच्या जोगेश्वरीची लेणी सहाव्या शतकातली. महाशिवरात्रीला तिथं दर्शनाची रांग लागते आणि घरोघरी साबुदाण्याची खिचडी होते. पण लेणी खोदली गेली तेव्हा या खिचडीतलं जवळजवळ काहीच या भूमीवर नव्हतं. शेंगदाणा दक्षिण अमेरिकेतला, बटाटा तिथलाच, ज्या कसाव्याच्या कंदापासून आपला साबुदाणा होतो तोही तिथला आणि मिरचीही अमेरिका खंडांतलीच. पोर्तुगीजांची गलबतं येईपर्यंत हजारएक वर्षं इथल्या भक्तांनी दाण्याच्या कुटाशिवाय उपास केले. तेव्हा परदेशी म्हणून तुम्हाला ओट्यावरून उतरवणं मला शोभणार नाही. उपासाला चालणारा दाणाच परदेशी, तर भाजणाऱ्याचा दाखला कशाला तपासू?

पण नवेपणाचा तोरा मात्र मिरवू नका. बर्लिनच्या प्रदर्शनात फिलिप्स कंपनीनं २०१० साली एअरफ्रायर मांडला, तेव्हापासून तुमच्या घराण्याचा बोलबाला. त्याआधी १९४०च्या दशकात अमेरिकेत विल्यम मॅक्सन यांनी विमानातलं गोठवलेलं जेवण गरम करायला पंखा बसवलेली भट्टी काढली होती. वर तापलेली तार, तिच्यामागे पंखा, आत फिरणारी गरम हवा. तुमचं सगळं तंत्र एवढंच. आमच्याकडचा भडभुंज्या ते वाळूत साधत आला आहे. तापलेल्या वाळूत दाणा बुडाला की त्याला चहूबाजूंनी सारखी धग लागते, एक कड करपत नाही. तुम्ही वाळूच्या जागी हवा घातलीत, बाकी विद्या त्याचीच. स्टेशनबाहेर टोपलीत निखाऱ्यांचं मडकं ठेवून खारे दाणे कोमट राखणारा सिंगवाला पुडीवर ‘तेलविरहित’ असं छापत नाही. त्यानंही तेल कधी वापरलेलं नाही.

आणि ज्या दाण्याला तुम्ही तुमचा डिजिटल पडदा दाखवता, त्याचं शिक्षण जरा विचारा. आमच्या याच मुंबईत, ट्रॉम्बेच्या भाभा अणुसंशोधन केंद्रात, शेंगदाण्यावर किरणांचे प्रयोग होऊन नवी वाणं तयार झाली. ‘विक्रम’ हे वाण १९७३ साली आलं, ते क्ष-किरणांतून. पुढे अकोल्याच्या कृषी विद्यापीठाबरोबर ‘टीएजी-२४’ आलं, राहुरीच्या विद्यापीठाबरोबर २००४ साली टपोऱ्या दाण्याचं ‘टीपीजी-४१’ आलं. अणुकेंद्रातून पास होऊन आलेला हा दाणा तुमच्या टोपलीत गुपचूप बसतो आणि तुम्ही बारा मिनिटांनी पाचदा ‘टिंग’ करून जगाला कळवता.

आता तुमच्या कामाचा गोपनीय अहवाल. १६० अंशांवर बारा मिनिटं, मधे एकदा टोपली हलवून, पावशेर दाणे तुम्ही एकसारखे बदामी भाजता. पंधराशे वॅटचे असूनही एका खेपेला विजेचं जेमतेम पाव ते तीन दशांश युनिट खाता, हे मान्य. पण थर पातळ लागतो, म्हणून महिन्याच्या किलोभर कुटासाठी तुमच्या चार खेपा होतात आणि तेवढा वेळ मोठा प्लग अडतो. दाण्याच्या साली पंख्याच्या वाऱ्यानं वर उडून तापल्या तारेला चिकटतात आणि त्यांचा करपट वास येतो. तुमच्या घरघरीत दाण्यांची तडतड ऐकू येत नाही. कढईत पहिली तडतड झाली की आच कमी करायची असते, मग वास पालटतो, मग एक दाणा चिमटीत धरून बघायचा, साल सुटली की उतरवायचं. कान, नाक, बोट अशा तिघांची ही समिती तुम्ही एका टिंगवर बरखास्त केलीत.

शिवाय टिंगनंतर दाणा मऊच असतो. तो निवताना कुरकुरीत होतो, आणि आतल्या धगीनं थोडा भाजतही राहतो. हे ठाऊक नसलेले आमचे तज्ज्ञ ‘कच्चे राहिले’ म्हणून आणखी तीन मिनिटं लावतात, आणि मग त्या कडू कुटाच्या कोशिंबिरीला घरी दोन दिवस कुणी ओळख दाखवत नाही.

तज्ज्ञांचा विषय निघालाच आहे. महोदय, तुम्ही एक चमत्कार केला आहे आणि त्याची जाहिरात कुठंच नाही. तुमच्या येण्यानं आमच्या घरातले पुरुष दाणे भाजू लागले. कढईला हात न लावलेले आमचे हे आणि चिरंजीव आता १६० अंश की १७० यावर वाद घालतात. संध्याकाळी सोसायटीच्या गेटपाशी निवृत्त मंडळी पूर्वी मेट्रोचं काम कधी संपणार यावर बोलत, आता ‘प्रीहीट’ करावं की नाही यावर बोलतात. ‘आज दाणे मी भाजले’, हे वाक्य मी कानांनी ऐकलं आहे. दाणे निवडले मी. सुरकुतलेले, खवट काढले मी. परातीत पसरले, चोळले, पाखडले मी. मिक्सर थांबत थांबत फिरवला मी, कारण एकसारखा फिरवला तर कुटाला तेल सुटून गोळा होतो. पाहा, तुमच्या नावावर जमा झालेलं ते तेल असं आजही मलाच सांभाळावं लागतं. मधलं बटण तेवढं त्यांनी दाबलं, आणि दाणे त्यांनी भाजले.

तरीही तुम्हाला घालवत नाही, त्याचं कारण सांगते. कढईत दाणे असले की बाईला हलता येत नाही. दारावर बेल वाजो, दूध उतू जावो, फोन येवो. अर्धं मिनिट नजर हटली की एका बाजूनं काळे ठिपके. किलोभर दाण्यांना पाऊण तास उभं राहणं, तेही मे महिन्यात, आठ बाय सहाच्या स्वयंपाकघरात. ही उभं राहण्याची मजुरी कुणी कधी मोजली नाही, म्हणून ती वाचली तेव्हा कुणाला कळलंही नाही. तुम्ही दाणे भाजत असताना मी पहिल्यांदा खुर्चीवर बसले, हे खरं आहे. तुमच्या कंपन्यांनी प्रयोगशाळेत तेल मोजलं. माझे पाय मोजले असते तर जाहिरात खरी झाली असती.

म्हणून मागण्या दोनच. खोक्यावरची तेलबचत वड्या-समोशांपुरती ठेवावी आणि दाण्यांपुढे ‘एका माणसाचं पाऊण तास उभं राहणं वाचतं’ असं छापावं. आणि ‘टिंग’ झाल्यावर पडद्यावर सूचना यावी : ‘काम अजून संपलेलं नाही. बटण दाबणाऱ्यानं परात घेऊन यावं.’

कळावे. लोभ आहे, वाढेल की नाही, ते दुसऱ्या मागणीवर अवलंबून.

आपली,
मोठ्या प्लगची मूळ हक्कदार

ता. क. : सालींचं काय करायचं, ते तुम्हीच ठरवून कळवा. घरातल्या पुरुषांना विचारलं, तर दोघांनाही शाळेत ऐकलेली टिळकांची गोष्ट आठवली. त्यात टरफलं न उचलण्याचा भाग त्यांना तोंडपाठ आहे. टिळकांनी शेंगा खाल्लेल्या नव्हत्या, एवढंच तेवढं विसरलेत.