सर, उत्तर किती यायला हवं?

शाळेच्या प्रयोगशाळेत परीक्षानळी हवी की संगणक, हा वाद हल्ली पालकसभेपासून परिसंवादापर्यंत कुठेही पेटतो. परीक्षानळीवाले म्हणतात, पडद्यावरचा प्रयोग खोटा. बोटाला आम्लाचा डाग पडल्याशिवाय रसायनशास्त्र कळत नाही. संगणकवाले म्हणतात, डाग पडतो म्हणूनच तर नको. दोघेही एक गोष्ट सोयीस्करपणे विसरतात. आपल्याकडे आभासी प्रयोगशाळा संगणकाच्या कितीतरी आधी आली. तिला जर्नल म्हणतात.

या यंत्रणेला वीज लागत नाही, नेट लागत नाही. मागच्या वर्षीच्या एखाद्या ताईची वही मिळाली की भागतं. आधी निष्कर्ष लिहायचा, मग त्याला शोभेल असं गणित, मग त्या गणिताला शोभतील अशी निरीक्षणं. एवढं करून तास उरलाच तर साहित्य कसं दिसतं ते बघून यायचं. बारावीच्या भौतिकशास्त्रात ७० गुण लेखीचे आणि ३० प्रॅक्टिकलचे. त्या ३० गुणांनी सत्तरांना कसा टेकू द्यायचा, याचं शास्त्र मात्र आपण खरोखर प्रयोगांती सिद्ध केलं आहे.

साध्या लोलकाचंच घ्या. एक मीटर दोरा, टोकाला धातूचा गोळा, हातात स्टॉपवॉच. वीस आंदोलनांना साधारण ४० सेकंद लागतात. पण मुलगा गोळा सोडताना ‘शून्य’ऐवजी ‘एक’ म्हणतो, म्हणजे वीस समजून एकोणीसच मोजतो. घड्याळात ३८ सेकंद दिसतात आणि गुरुत्वत्वरण निघतं १०.९. गुरुत्वाच्या हिशेबात ही शनीच्या पलीकडची आणि नेपच्यूनच्या अलीकडची जागा झाली. दुसरीने दोरा गोळ्याच्या मध्यापर्यंत न मोजता हुकापर्यंतच मोजला. तिचं उत्तर ९.७ च्या आसपास.

खरं विज्ञान इथून सुरू व्हायला हवं. हा शनी आपल्या मागे लागला कुठून, हे शोधण्यात पुढचा तास जायला हवा. प्रत्यक्षात वर्गातून एकच प्रश्न येतो, “सर, उत्तर किती यायला हवं?” आणि सर म्हणतात, “९.८१ आणा.” मुलं आणतात. रसायनशास्त्रात हीच माया लॅबमधले काका करतात. ब्युरेटची तिन्ही रीडिंग दशांशापर्यंत जुळतात आणि सॉल्ट कुठलं आहे ते बाटली उघडण्याआधीच समजतं.

आता गंमत बघा. ९.८१ हा आकडा आपला नाहीच. पृथ्वी विषुववृत्ताशी फुगलेली आहे, शिवाय ती फिरते. म्हणून गुरुत्वत्वरण विषुववृत्तावर ९.७८ आणि ध्रुवांवर ९.८३ असं बदलत जातं. पुस्तकातलं प्रमाण मूल्य, ९.८०६६५, साधारण ४५ अक्षांशाला शोभतं, म्हणजे उत्तर इटलीच्या आसपास. मुंबई-पुण्यात खरा आकडा ९.७८ च्या जवळ जातो. म्हणजे एखाद्या मुलीने जीव लावून १०० आंदोलनं मोजली, लांबी मिलिमीटरपर्यंत पाहिली आणि ९.७८ आणले, तर तिला ते खोडून इटलीचं उत्तर लिहायला लावण्याची सोय आपल्या पद्धतीत आहे.

मग संगणक आला, आणि त्याने एकच केलं: खोडरबराचा खर्च वाचवला. पडद्यावरचा लोलक ‘पृथ्वी’ निवडली की मुकाट्याने ९.८१ देतो. पंख्याचा वारा नाही, दोरा ताणत नाही, शेजारचा बंड्या टेबलाला गुडघा मारत नाही.

संगणकाचीही एक बाजू आहे. नोबेलविजेते कार्ल वीमन यांनी २००२ साली कोलोरॅडो विद्यापीठात ‘फेट’ हा प्रकल्प सुरू केला. त्यातल्या लोलकाला घर्षण कमी-जास्त करता येतं, तो चंद्रावर नेता येतो, आणि ‘ग्रह एक्स’ नावाच्या ग्रहाचं गुरुत्व तर आधी सांगितलेलंच नसतं. ते मोजूनच काढावं लागतं. त्याच विद्यापीठात २००५ च्या एका अभ्यासात पडद्यावर विद्युत मंडल जोडून शिकलेले विद्यार्थी खऱ्या तारा जोडण्यातही सरस ठरले. पण आपल्याकडे ‘ग्रह एक्स’ कोण उघडणार? त्याचं उत्तर ताईच्या वहीत नाही.

शिवाय दोन्ही पक्षांनी एकदा शाळेत जाऊन यावं. बऱ्याच ठिकाणी प्रयोगशाळेच्या कपाटाला कुलूप असतं, कारण काचेचं सामान फुटतं. संगणककक्षालाही कुलूप असतं, कारण संगणक बिघडतात. चपला दोन्हीकडे बाहेर. दोन्ही कुलपं तपासणीच्या दिवशी उघडतात आणि त्या दिवशी लाइट जातात.

खरा कडेलोट पुढे आहे. जर्मनीतल्या आखेनच्या विद्यापीठाने ‘फायफॉक्स’ नावाचं फुकट अ‍ॅप बनवलं आहे. फोनच दोरीला लटकवून झुलवायचा. आतला सेन्सर आवर्तनकाल मोजतो आणि लांबी भरली की गुरुत्वत्वरणही सांगतो. दोरा खरा, झोका खरा, चुका खऱ्या, फक्त घड्याळ संगणकाचं. हे भांडण एका दुपारी मिटावं इतकं सोपं. पण फोन शाळेच्या फाटकावर जप्त होतो आणि मूल आत ‘संगणक: शाप की वरदान’ यावर निबंध लिहितं.

तेव्हा संगणक घ्यायचा की नाही, ते संस्थाचालकांनी निविदा बघून ठरवावं. प्रॅक्टिकलला जाणाऱ्या बाहेरच्या परीक्षकांना मात्र एक विनंती. जर्नलमध्ये सगळ्यांचे ९.८१ असतील आणि एकाच मुलीचे खाडाखोड न करता ९.७८ लिहिलेले असतील, तर कृपा करून तिचे गुण कापू नका. बाकीच्यांना फक्त एवढंच विचारा, दोरा किती लांबीचा घेतला होता?