चक्र विणतं, वाचक ताटकळतो

रॉबर्ट जॉर्डन यांच्या 'द व्हील ऑफ टाइम'मधलं जग चक्क विणलं जातं. सात आऱ्यांचं कालचक्र हा माग आणि माणसांची आयुष्यं हे सूत. बहुतेकांनी मुकाट्यानं धागा होऊन राहायचं. काही भाग्यवान मात्र असे, की बाकीचे धागे आपसूक त्यांच्याभोवती वळतात. त्यांतला एक गावात शिरला की धडाधड लग्नं लागतात, दुसऱ्याच्या हातात फासे हवे तसे पडतात. आपल्याकडे अशांना पालकमंत्री करतात.

काळ वाकवण्याचा खरा चमत्कार मात्र कथेबाहेर घडला. पहिला खंड आला १९९० साली. २००३ चा दहावा खंड उघडावा, तर आधीच्या खंडाच्या शेवटी जो काय स्फोटक प्रकार झाला, तेव्हा इतर मंडळी कुठे काय करत होती याचीच पानंच्या पानं! दरम्यान मालिकाभर कुणी वेणीला हिसके देतंय, कुणी घागऱ्याच्या चुण्या सारख्या करतंय. विश्वाचा विनाश तोवर दाराबाहेर खोळंबलेला.

२००७ साली जॉर्डन गेले. उरलेला एकच खंड ब्रँडन सँडरसन यांनी हाती घेतला आणि त्याचे तीन झाले. चौदावा आला २०१३ मध्ये. 'उद्या या' म्हणणारा शिंपी यापुढे वक्तशीर वाटावा.

२०२१ पासून ॲमेझॉननं हेच ठाण पडद्यावर उलगडायला घेतलं, आणि तीन हंगामांत कात्री लावली. चक्राला कुणी कळवलं असेल का?