हप्ता किती बसतो?

दोन पिढ्यांपूर्वी आमच्याकडे कर्ज हा दारं-खिडक्या लावून बोलायचा विषय होता. आता कर्ज मंजूर झालं की पेढे येतात. पेढा हातावर ठेवता ठेवता माणूस आकडाही सांगतो, "पन्नास लाख पास झाले," आणि सांगताना छाती थोडी पुढे येते. ऐकणाराही "वा! वा!" म्हणतो. हे पन्नास लाख मिळालेत की द्यायचेत, याचा दोघांनाही घटकाभर विसर पडलेला असतो. मला या पेढ्यांचा राग नाही. सिबिल स्कोअर, पगाराच्या स्लिपा, आयटीआर, बँकेची स्टेटमेंटं असं सगळं उलथंपालथं करून बघितल्यावर बँकेनं जवळजवळ लेखी दिलेलं असतं, की हा इसम वीस वर्षं निमूटपणे नोकरी करील. इतका भरवसा त्याच्यावर सासऱ्यांनीही दाखवलेला नसतो.

आजोबांच्या पिढीचा हिशेब सरळ होता. आधी नोकरी संपवायची, मग प्रॉव्हिडंट फंड आणि ग्रॅच्युइटी हातात आली की घर बांधायला काढायचं. घर पुरं होईपर्यंत गुडघे गेलेले असत, त्यामुळे हौसेनं बांधलेल्या गच्चीवर पापड वाळवायलाही दुसऱ्या कुणाला पाठवावं लागे. हसमुखभाई पारेखांनी 1977 साली एचडीएफसी काढली आणि पगारदार माणसाला तरुणपणीच घराचं कर्ज मिळण्याची वाट रुंद केली. गंमत अशी, की ती त्यांनी स्वतः आयसीआयसीआयमधून निवृत्त झाल्यावर काढली. घरासाठी निवृत्तीची वाट बघू नका, हे सांगायला निवृत्त माणूसच पुढे यावा लागला.

तेव्हापासून घर बघायला जाणाऱ्या जोडप्याच्या तोंडी एकच प्रश्न असतो : हप्ता किती बसतो? एकूण किती द्यावे लागतील, असं विचारणारा माणूस मी सॅम्पल फ्लॅटमध्ये पाहिलेला नाही. तिथलं वातावरणच तशा प्रश्नाला पोषक नसतं. गार एसी, टेबलावर खोटी संत्री, भिंतीवर कुणाच्या तरी मुलांचे हसरे फोटो. पन्नास लाख, साडेआठ टक्के, वीस वर्षं : हप्ता 43,391. नवरा-बायको एकमेकांकडे बघतात. ओढाताण होणार असं दिसलं, की कर्जवाला मुलगा मोबाइलवर 20 च्या जागी 30 टाकतो आणि हप्ता साडेअडतीस हजारांच्या आत येतो. महिन्याला पाच हजार सुटले! एवढ्यात मॉड्युलर किचनचाही हप्ता बसेल, असं कोणीतरी म्हणतंच. वीस वर्षांत बँकेला एकूण 1 कोटी 4 लाख जाणार होते, तिथं तीस वर्षांत 1 कोटी 38 लाख जातात. म्हणजे पाच हजारांच्या त्या सवलतीची किंमत चौतीस लाख.

बँक यातलं काहीएक लपवत नाही, हे तिच्या बाजूनं सांगायलाच हवं. ती सगळं छापून देते. 240 ओळींचा तक्ता असतो. दर महिन्याचा हप्ता, त्यातलं व्याज, त्यातलं मुद्दल, उरलेली बाकी. आपणच ती पानं उलटतो ती सहीसाठी पेन्सिलीनं केलेली फुली शोधायला.

आमच्या सोसायटीत एक निवृत्त गणिताच्या बाई राहतात. त्यांच्या मुलानं नऱ्ह्याला फ्लॅट घेतला. 65 लाखांचा, 800 चौरस फूट कार्पेट. 15 लाख घरचे, 50 लाख बँकेचे, दर आणि मुदत वर म्हटल्याप्रमाणेच. तो तक्ता बाईंच्या हाती लागला. वर्तमानपत्रातलं शब्दकोडं बाजूला सारून त्यांनी चष्मा चढवला आणि पहिली ओळ वाचली. व्याज 35,417. मुद्दल 7,974. मग पाठकोऱ्या कागदावर एक भागाकार मांडला.

"अरे, या महिन्यात तुझा एक फूटसुद्धा झाला नाही."

"कसला फूट?"

"चौरस फूट. आठ हजार एकशेपंचवीसला एक पडला ना तुला? आणि मुद्दल फिटलं सात हजार नऊशे चौऱ्याहत्तर. दोन बाय दोनची एक फरशी सोडवायला चार महिने लागतील."

"आई, असा हिशेब कुणी करत नाही."

"म्हणून तर मी करतेय."

त्यांनी मग फ्लॅटचा नकाशाच मागवून घेतला आणि रंगीत पेन्सिलीनं भरायला घेतला. घरचे 15 लाख म्हणजे 185 फूट. हॉल आपला झाला. दहा वर्षांत हप्त्यांपोटी 52 लाख जातील, पण मुद्दल फिटेल तेही 15 लाखच. म्हणजे आणखी 185 फूट. मोठी बेडरूम आणि तिची बाथरूम सुटली. बाकीचे 430 फूट दहा वर्षांनंतरही बँकेचे. स्वयंपाकघर त्यातच येतं. सूनबाईंनी हे ऐकून "मग तोवर स्वयंपाकाचंही बँकेनंच बघावं" असं म्हटल्याचं कळतं.

हप्त्यातलं मुद्दल व्याजाहून मोठं व्हायला या तक्त्यात 143 वा महिना उजाडावा लागतो. म्हणजे जवळजवळ एक तप. पूर्वी एवढ्या काळात मुलगा गुरुगृही राहून चौदा विद्या शिकून परत येत असे.

आणि हे झालं फक्त बँकेचं. पुण्यात मुद्रांक शुल्क सात टक्के, त्यात मेट्रोचा एक टक्का धरलेला. बाईंच्या मुलाचे साडेचार लाख तिथं गेले, वर नोंदणीचे तीस हजार. हे पैसे कर्जात धरत नाहीत, ते घरातूनच उभे करायचे. घर नुसतं बाईमाणसाच्या नावावर केलं तर महाराष्ट्रात मुद्रांकात एक टक्का सवलत आहे, आणि ती घ्यायची की नाही यावर नवरे लोक जेवढा विचार करतात तेवढा त्यांनी वीस की तीस वर्षं यावर केला असता तर चौतीस लाख वाचले असते. बांधकाम चालू असलेली इमारत असेल तर जीएसटी निराळा. मग प्रोसेसिंग फी, कर्जाबरोबर हळूच बांधून दिलेला विमा, सोसायटीचा मेंटेनन्स, आणि "एकदाच करायचंय तर नीट करू" या वाक्यानं सुरू होणारं फर्निचर.

व्याजदराची तऱ्हा तर विचारू नका. त्याची नावंच इतकी बदलली : बीपीएलआर, बेस रेट, एमसीएलआर, आणि ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी कर्जं बाहेरच्या मापाला, म्हणजे बहुतेक ठिकाणी रेपोला, जोडलेली. नाव बदललं की नव्या गिऱ्हाइकाला नवा दर आणि जुन्याला जुना, हे मात्र बदलत नाही. जुन्यानं आपण होऊन अर्ज करायचा, थोडी फी भरायची, मग त्याचा दर खाली येतो. न विचारणाऱ्याला कोणी फोन करून सांगत नाही. पर्सनल लोन हवंय का हे विचारायला मात्र जेवणाच्या वेळी हमखास फोन येतो.

2021 मध्ये गृहकर्जाचे दर पावणेसात टक्क्यांच्याही खाली आले होते. लोकांनी स्वस्ताई बघून उड्या घेतल्या. पुढं मे 2022 ते फेब्रुवारी 2023 एवढ्यात रिझर्व्ह बँकेनं रेपो अडीच टक्क्यांनी वर नेला. हप्ते मात्र पुष्कळांचे तेवढेच राहिले. लोक खूश, की आपल्या बँकेनं हप्ता वाढवला नाही. बँकेनं वाढवली होती ती मुदत. समजा, 6.7 टक्क्यांनी 50 लाख घेतलेल्याचा हप्ता 37,870 होता, आणि 48 लाख बाकी असताना दर 9.2 वर गेला. आता महिन्याचं नुसतं व्याजच 36,800. मुद्दलाला उरले 1,070. या चालीनं कर्ज फिटायला जवळजवळ 39 वर्षं लागतात. पस्तिशीतल्या माणसाची ही कथा असेल तर शेवटचा हप्ता त्यानं चौऱ्याहत्तराव्या वर्षी, नातवाला सायकलवर बसवून बँकेत जाऊन भरायचा. शेवटी ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेला सांगावं लागलं, की दर बदलताना कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत हे त्याला ठरवू द्या, आणि हप्त्यातून व्याजसुद्धा फिटेनासं होईल इतकं ताणू नका.

यावर एक हुकमी उत्तर ठेवलेलं असतं : "पण टॅक्स वाचतो ना!" वाचतो. पहिल्या वर्षी व्याज जातं 4 लाख 21 हजार. जुन्या करपद्धतीत राहत्या घरासाठी त्यातले 2 लाख वजा होतात, आणि तीस टक्क्यांच्या माणसाचे साधारण 62 हजार वाचतात. नव्या पद्धतीत राहत्या घराला तेवढंही नाही. 62 हजार वाचवायला सव्वाचार लाख खर्च करणं हा आम्हां मध्यमवर्गीयांचा लाडका व्यवहार आहे. साडीच्या सेलमध्ये तोच चालतो, पण तिथं निदान साडी त्याच दिवशी घरी येते.

मला विचाराल तर गृहकर्जाची खरी किंमत या आकड्यांपेक्षा एका वाक्यात दडलेली असते. "हप्ता चालू आहे." हे वाक्य मी कचेरीतल्या चहाच्या टपरीवर इतक्या सुरांत ऐकलंय! साहेब भर मीटिंगमध्ये नाही नाही ते बोलला, पण हप्ता चालू आहे. मित्राबरोबर सासवडला अंजिराची बाग करायची होती, नाटकाची संस्था काढायची होती, वर्षभर बिनपगारी रजा घेऊन आईजवळ राहायचं होतं. हप्ता चालू आहे. तीस ते पंचेचाळीस हे वय काहीतरी सोडून देऊन दुसरं काहीतरी करून बघायचं असतं, आणि तक्त्यातलं सगळ्यात जड व्याज नेमकं त्याच वर्षांत पडतं. नोकरीवर लाथ मारणारा नायक सिनेमात बघायचा, तोही ओटीटीवर.

तेच वाक्य तारणहारही आहे, हे कबूल करायला हवं. चुलतभावाला धंद्यासाठी दोन लाख उसने हवे असतात, तेव्हा "देणार होतो रे, पण हप्ता चालू आहे" म्हटलं की नातंही टिकतं आणि दोन लाखही. लग्नातल्या आहेरापासून क्लबाच्या मेंबरशिपपर्यंत इतकं भारदस्त आणि खरं कारण दुसरं सापडत नाही. कर्ज फिटलेल्या माणसाची फार पंचाईत होते. त्याला नाही म्हणायला काही उरत नाही.

बरं, बाईंच्या तक्त्यालाही एक बाजू आहे, जी त्यात छापलेली नसते. हप्ता आहे तिथंच राहतो आणि महागाई चालत राहते. वर्षाला सहा टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या 43,391 रुपयांना आजच्या साडेतेरा हजारांचीच किंमत उरते. दरम्यान पगार वाढलेला असतो, भाडं वाढलेलं असतं, आणि भाड्याच्या घरात दर अकरा महिन्यांनी बसवावी लागणारी मालकाची मर्जी इथं बसवावी लागत नाही. स्वतःच्या भिंतीत खिळा ठोकण्याचं सुख कोणत्याच तक्त्यात येत नाही. त्यामुळे 1 कोटी 4 लाख हा आकडा ऐकून छातीत धस्स होण्याचं कारण नाही. तो फक्त घर घेण्याआधी एकदा तोंडानं उच्चारून बघावा, एवढंच.

बाईंनी मुलाला एक बारीक सल्ला दिला : दिवाळीचा बोनस आला की वर्षाला एक हप्ता जास्तीचा भर. बोनसचा टीव्ही पुढच्या वर्षी. या एकाच जादा हप्त्यानं वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास फिटतं आणि दहा लाखांवर व्याज वाचतं. असं आधी भरल्याबद्दल पूर्वी बँका दंड घेत. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर तो 2012 पासून बंद आहे. भरताना मात्र "हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा" असं ठासून सांगितलेलं बरं. गप्प बसलं तर कुठं कुठं हप्ताच कमी होतो, मुदत तिथंच राहते, आणि कमी झालेल्या हप्त्याचं काय होतं ते आपल्याला माहीत आहे.

आमच्या खालच्या मजल्यावरच्या काकांनी हे सगळं केलं. बोनस, एरिअर्स, बायकोची भिशी, सगळं ओतून गेल्या वर्षी कर्ज फेडलं. कर्ज फिटल्यावर मूळ कागद तीस दिवसांत परत द्यायचे, उशीर झाला तर दिवसाला पाच हजार भरपाई, असा आता रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. काका रोज कॅलेंडरवर खुणा करत होते, बहुधा उशीर व्हावा अशी मनात इच्छा धरून. कागद वेळेत आले. इंडेक्स टू, अ‍ॅग्रीमेंट, शेअर सर्टिफिकेट, सगळं एका प्लॅस्टिकच्या फायलीत. ती फाईल त्यांनी कपाटात ठेवली आणि त्याच आठवड्यात सोसायटीच्या बोर्डावर सूचना लागली : सहकार कायद्याच्या 79-अ खाली पुनर्विकासाबाबत विशेष सर्वसाधारण सभा.

सभेला बिल्डरचा माणूस लॅपटॉप घेऊन आला होता. नवी इमारत, दोन लिफ्ट, जास्तीचा एरिया फुकट, आणि त्याहून जास्ती हवा असेल तर बाजारभावानं विकत. मागून कोणीतरी म्हणालं, दीडशे फूट घेतले तर तिसरी बेडरूम होते. सगळे हिशेबाला लागले. "लोन आम्हीच करून देतो," तो माणूस म्हणाला. काकांचं वय विचारून त्यानं जरा मान हलवली. "सत्तरीच्या आत फिटायला हवं ना. मुलाला सहकर्जदार करून घ्या, म्हणजे वीस वर्षं मिळतील." मुलगा शेवटच्या रांगेत मोबाइलमध्ये होता, त्याला यातलं काही ऐकू गेलं नाही.

काकांनी दबक्या आवाजात विचारलं, "कागद कोणते लागतील?"

"नेहमीचेच. इंडेक्स टू, अ‍ॅग्रीमेंट, शेअर सर्टिफिकेट. आत्ता झेरॉक्स चालेल. ओरिजिनल नंतर."