वाळवंटातला भांडकुदळ

पर्यावरणवाला माणूस समोर आला की आपण त्याचे म्हणणे नंतर ऐकतो, आधी त्याची झडती घेतो. पायांत चामड्याची चप्पल तर नाही ना? सभेला बसने आला की मोटारीने? पाणी प्लास्टिकच्या बाटलीतून प्याला का? घरी एसी आहे का, आणि असल्यास किती टनांचा? यात काही सापडले की आपल्याला हायसे वाटते. आता त्याचे बोलणे मनावर घ्यायला नको.

एडवर्ड ॲबी या अमेरिकन लेखकाची अशी झडती घेतली असती, तर पंचनाम्याला कागद पुरला नसता. गंमत म्हणजे त्यातला बराचसा मुद्देमाल त्याने स्वतःच आणून दिला असता. गाडी चालवताना बिअरचा रिकामा डबा आपण खिडकीतून हमरस्त्यावर फेकतो, हे त्याने छापून जाहीर केले होते. खुलासाही तयार होता: खरा कचरा म्हणजे तो रस्ताच, त्यावर आणखी एक डबा पडला तर काय बिघडले? बंदूकवाल्यांच्या नॅशनल रायफल असोसिएशनचा तो सभासद. मांस आवडीचे, सिगार आवडीचा. लोकसंख्या वाढते म्हणून जगाला फैलावर घेणार आणि स्वतःची मुले पाच. लग्नेही पाच. ग्रँड कॅन्यनच्या कड्यावरून जुना टायर खाली सोडून तो कसा उसळ्या मारत जातो हे बघितल्याची हकिकत त्याने लिहिली आहे, आणि तीही निसर्गावरच्या आपल्या सर्वांत गाजलेल्या पुस्तकात. त्याच पुस्तकात तो एक ससा दगडाने मारतो. मारल्यावर वाईट वाटायचे सोडून आपल्याला हुरूप आला, हेही तो लपवत नाही.

जन्म २९ जानेवारी १९२७, पेनसिल्व्हेनियातला. आपण ‘होम’ नावाच्या खेड्यात जन्मलो, असे तो सांगत असे. प्रत्यक्षात जन्म झाला होता जवळच्या इंडियाना नावाच्या गावातल्या दवाखान्यात. वडील समाजवादी, आई शिक्षिका आणि चर्चमध्ये ऑर्गन वाजवणारी. घरात एका खोलीत क्रांती, दुसरीत प्रार्थना. मुलाने क्रांती लगेच उचलली आणि प्रार्थना पुढे वाळवंटासाठी राखून ठेवली.

ते वाळवंट त्याला भेटले १९४४ साली, वयाच्या सतराव्या वर्षी. येणाऱ्याजाणाऱ्या गाड्यांना हात करत आणि मालगाड्यांत चढत तो देशाच्या पश्चिमेला गेला. ॲरिझोनात पोलिसांनी भटक्या म्हणून आत टाकले, तरी हा प्रदेशाच्या प्रेमातच. पुढे लष्करात भरती होऊन इटलीत गेला आणि तिथे त्याला नेमले लष्करी पोलिसांत! दुसऱ्यांना शिस्त लावायच्या या कामात त्याला दोनदा बढती मिळाली आणि दोन्ही वेळा ती काढून घेतली गेली. बाहेर पडला तो साधा शिपाई म्हणूनच.

मग न्यू मेक्सिको विद्यापीठ. तिथे विद्यार्थ्यांच्या नियतकालिकाचा संपादक झाल्यावर त्याने मुखपृष्ठावर दिदरो या फ्रेंच विचारवंताच्या नावावर चालत आलेले एक वाक्य छापले. राजे आणि पाद्री यांचा शेवट कसा करावा याची कृती त्या वाक्यात असून ती जेवताना वाचण्यासारखी नाही. एवढ्यावर थांबेल तर तो ॲबी कसला? वाक्याखाली त्याने नाव घातले ‘लिट्ल विमेन’ लिहिणाऱ्या लुइझा मे अल्कॉटचे, म्हणजे अमेरिकेतल्या सोज्वळ मुलींच्या लाडक्या लेखिकेचे. विद्यापीठाने अंक जप्त केला आणि संपादकाला घरी बसवले. त्याआधीच, सक्तीच्या लष्करभरतीविरुद्ध पत्रक लावल्याबद्दल एफबीआयने त्याच्या नावाची फाइल उघडली होती. आपल्यावर पाळत नसती तर अपमान वाटला असता, अशा अर्थाचे तो नंतर बोलला. याच माणसाने तत्त्वज्ञानात एम. ए. करताना प्रबंध लिहिला तो अराजकवाद आणि हिंसेची नैतिकता यांवर. हिंसेचे समर्थन अराजकवाद्यांना नीट करता आलेले नाही, असा त्याचा निष्कर्ष होता. एफबीआयने हा प्रबंध वाचला असता तर फाइल पातळ झाली असती.

१९५६ साली युटा राज्यात, मोआब गावाजवळच्या आर्चेस नॅशनल मॉन्युमेंटमध्ये तो हंगामी रेंजर म्हणून लागला. लाल खडकाच्या नैसर्गिक कमानी, मैलोन् मैल माणूस नाही आणि राहायला सरकारी ट्रेलर. ट्रेलरच्या पायरीखाली रॅटलस्नेक येऊ लागले तेव्हा त्याने आपल्या धामणीसारखा एक बिनविषारी साप पाळला आणि त्याला शर्टाच्या आत कमरेभोवती घेऊन फिरू लागला. काम काय? शौचालये साफ करायची, कचरा उचलायचा, पर्यटकांच्या प्रश्नांना उत्तरे द्यायची. बिअरचे डबे फेकणारा हा गृहस्थ इथे दुसऱ्यांचे डबे गोळा करण्याचा पगार घेत होता.

मग एके दिवशी सर्वेक्षणवाले आले. इथे डांबरी रस्ता होणार होता. ते खुंट्या ठोकून गेले आणि त्या रात्री सरकारचा हा नोकर चांदण्यात चालत जाऊन एकेक खुंटी उपटत आला. आपले हे कृत्य व्यर्थ आहे हे त्याला माहीत होते. रस्ता झालाच.

या दोन उन्हाळ्यांवरचे पुस्तक, ‘डेझर्ट सॉलिटेअर’, आले १९६८ साली. मोटारी राष्ट्रीय उद्यानांच्या दाराशीच अडवा, आत चालत, सायकलने किंवा घोड्यावरून जा, ही मागणी त्यात आहे. पुस्तकभर एकांत आहे. त्यातला काही काळ बायको आणि तान्हा मुलगाही तिथेच राहायला होते, हे मात्र त्यात नाही. मराठी लेखकांना यात नवल वाटू नये. एकांतावर निवांत लिहायचे तर आतून वेळेवर चहा यावा लागतो.

पुस्तक वाचून लोकांना तो एकांत इतका आवडला की ते मोटारी घेऊन बघायला आले. आर्चेसला १९७१ मध्ये राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला. २०२१ साली तिथे १८ लाखांवर पर्यटक आले आणि २०२२ मध्ये आत शिरण्याची वेळ आधी आरक्षित करण्याची पद्धत आणावी लागली. या जाहिरातीचे कमिशन ॲबीला कोणी दिले नाही.

त्याचे खरे वैर होते एका धरणाशी. कोलोरॅडो नदीवरच्या ग्लेन कॅन्यन धरणाचे काम १९५६ मध्ये सुरू झाले. उंची ७१० फूट. त्याची कहाणी सज्जन पर्यावरणवाद्यांनी ऐकण्यासारखी आहे. सरकारला धरणे हवी होती आणि त्यांतले एक डायनोसॉर नॅशनल मॉन्युमेंटच्या हद्दीत येत होते. सिएरा क्लब या निसर्गरक्षक संघटनेने कंबर कसली, देशभर रान उठवले आणि ते धरण रद्द करून घेतले. बदल्यात ग्लेन कॅन्यनला विरोध करायचा नाही, अशी तडजोड झाली. ग्लेन कॅन्यन फार थोड्यांनी पाहिली होती. क्लबचे नेते डेव्हिड ब्राउअर यांनी ती पाहिली आणि मग जन्मभर हळहळत राहिले. ॲबीने धरण भरण्याआधी, १९५९ मध्ये, एका मित्राबरोबर लहान रबरी होड्यांतून तिथला प्रवास केला. वाटेत शौचाचा कागद जाळायला गेला आणि वाऱ्याने झुडपांना आग लागली. ही हकिकतही त्यानेच लिहून ठेवली आहे. १९६३ मध्ये धरणाचे दरवाजे बंद झाले आणि त्या दऱ्या, त्या गुहा, ते झरे पाण्याखाली गेले. तडजोड हा शब्द ॲबीच्या शब्दकोशातून कायमचा गेला तो इथे.

सूड त्याने कादंबरीतून उगवला. १९७५ च्या ‘द मंकी रेंच गँग’मध्ये चौघे जण बुलडोझरच्या इंजिनात घाण ओततात, जाहिरातींचे फलक जाळतात, पूल उडवतात आणि ग्लेन कॅन्यन धरणाची स्वप्ने बघतात. त्यांतला एक शल्यविशारद, एक त्याची मैत्रीण, एक मॉर्मन पंथाचा तीन बायकांचा नावाडी आणि एक व्हिएतनामहून परतलेला हेड्यूक. हा हेड्यूक रस्त्याचे अंतर मैलांत मोजत नाही. तेवढ्या वाटेत बिअरचे किती डबे संपतात यावर मोजतो. यंत्रांची मोडतोड करायची, माणसाला इजा करायची नाही, हा टोळीचा नियम. म्हणजे प्रबंधातला विद्यार्थी अजून जिवंत होता.

काही तरुणांनी ही कादंबरी फारच मनावर घेतली. १९८० मध्ये ‘अर्थ फर्स्ट!’ ही संघटना निघाली. २१ मार्च १९८१ रोजी तिच्या लोकांनी ग्लेन कॅन्यन धरणावरून ३०० फूट लांब काळे प्लास्टिक खाली सोडले. लांबून बघणाऱ्याला धरणाला भेग पडल्यासारखी दिसावी! ॲबी तिथे भाषणाला हजर होता. निसर्गरक्षणासाठी ३०० फूट प्लास्टिक वापरल्याबद्दल त्याला कोणी जाब विचारला नसावा.

भाषणांची त्याची रीत ठरलेली होती: ज्या गावात जायचे त्या गावाचा देव आधी फोडायचा. मोंटाना हे गुरे पाळणारे राज्य. तिथल्या विद्यापीठात १९८५ मध्ये जाऊन त्याने सांगितले की सार्वजनिक जमिनीवर चरणारी गुरे हीच खरी कीड असून त्यांच्या शिकारीला परवानगी द्यावी. शिट्ट्या आणि टाळ्या एकदमच वाजल्या. एवढे बोलणारा हा उंच, दाढीवाला माणूस खाजगीत लाजाळू आणि मितभाषी होता. हेड्यूकला भेटायचे म्हणून दूरदूरहून येणाऱ्यांच्या वाट्याला एक संकोची प्राध्यापक येई. १९८७ मध्ये अमेरिकन ॲकॅडमी ऑफ आर्ट्स अँड लेटर्सने पुरस्कार देऊ केला, तेव्हा त्या दिवसांत आपण नदीत होडी घालणार आहोत असे कळवून त्याने तो नाकारला.

हे सगळे हसत वाचता येते. सगळाच ॲबी मात्र हसण्यावारी नेता येत नाही. मेक्सिको आणि त्याच्या दक्षिणेकडून येणाऱ्या गरीब माणसांना सीमेवरच अडवा असे त्याने लिहिले, आणि त्या माणसांविषयी तुच्छतेने लिहिले. मरे बुकचिनसारख्या डाव्या विचारवंताने त्याच्यावर वर्णद्वेषाचा आरोप केला. त्याच्या कादंबऱ्यांतल्या बायका तर बहुधा पुरुषांच्या नजरेत भरण्यापुरत्याच येतात. दगडांबद्दल अपार माया असलेल्या माणसाची माया काही माणसांपर्यंत पोचलीच नाही.

१९८२ मध्ये डॉक्टरांनी स्वादुपिंडाचा कर्करोग सांगितला आणि सहा महिन्यांची मुदत दिली. चला, आता रोज दात कोरायला नकोत, असे तो म्हणाल्याचे सांगतात. निदान चुकले होते आणि भांडण आणखी सात वर्षे चालले. १४ मार्च १९८९ रोजी ॲरिझोनातल्या टूसॉनला तो गेला, तेव्हा मागे सविस्तर सूचना होत्या: शवपेटी नको, स्लीपिंग बॅगमध्ये गुंडाळा, पिकअपच्या मागे टाका, वाळवंटात पुरा, दफनाचे कायदे बघू नका. मागाहून जमा, शेकोटी पेटवा, बिअर भरपूर ठेवा. मित्रांनी सूचना तंतोतंत पाळल्या. कुठे पुरले ते जाहीर केलेले नाही. दगडावर नाव आणि सालांखाली एवढेच कोरले: काही म्हणायचे नाही. आयुष्यभरात ॲबीने काही म्हणायचे नाही असे म्हटल्याचा हा एकमेव पुरावा.

धरण अजून उभे आहे. मात्र दुष्काळामुळे २०२३ च्या सुरुवातीला त्यामागचा जलाशय पाव भरण्याइतकाही उरला नव्हता आणि बुडालेल्या दऱ्या पुन्हा उघड्या पडू लागल्या होत्या. धरणाबद्दलचे ॲबीचे म्हणणे त्याच्या डब्यांवरून, लग्नांवरून किंवा बंदुकीवरून तपासता येत नाही. ते नदीवरूनच तपासावे लागते. ज्यांना त्याला वाचायचे असेल त्यांनी सुरुवात ‘डेझर्ट सॉलिटेअर’ने करावी, ‘मंकी रेंच गँग’ नंतर घ्यावी आणि स्थलांतरावरचा तो निबंधही वगळू नये. तो वगळला तर ॲबी साधुपुरुष वाटू लागेल, आणि एवढा अन्याय त्याच्यावर एफबीआयनेही केला नव्हता.