एका तिकिटात अख्खं नाटक

इटियाडोह धरणाजवळच्या गोठणगावात परवा एका घरी गेलो. ओसरीवर बारावीतला मुलगा लॅपटॉप मांडीवर घेऊन बसलेला. गेम पेन ड्राइव्हवरून आणलेला. सुरू व्हायच्या आधी अँटिव्हायरस बंद कर म्हणत होता. ‘विकत का नाही घेतलास?’ ‘पाच हजाराचा आहे जी.’ शेजारी धानाची पोती रचलेली.

२०२४-२५ च्या हंगामात साध्या धानाचा हमीभाव क्विंटलला २,३०० रुपये होता. ४,९९९ रुपयांचा गेम म्हणजे दोन क्विंटलांहून जास्त धान. एवढं मोजूनही गेम पुरा हाती येईलच असं नाही. पुढची कथा, नवे पोशाख, नवी हत्यारं यांचे पैसे वेगळे. त्याला डीएलसी म्हणतात. २००६ साली ‘ऑब्लिव्हियन’मध्ये नुसत्या घोड्याच्या चिलखताला अडीच डॉलर लावले, तेव्हा खेळणारे चिडले होते. ‘सिम्स ४’ २०२२ पासून फुकट आहे, पण त्याची सगळी जोडपाकिटं पुऱ्या भावाने घ्यायची तर हजार डॉलरही पुरत नाहीत.

आमच्या झाडीपट्टीत हे चाललं नसतं. वडशाच्या नाटक मंडळ्या दिवाळीनंतर गावोगाव येतात. तिकीट एकदाच फाडायचं, नाटक पहाटेपर्यंत बघायचं. खुर्ची महाग, खाली बसणं स्वस्त. शेवटचा अंक मात्र दोघांनाही दिसतो. मध्येच पडदा पाडून कुणी पुन्हा पैसे मागू द्या, मंडप जागेवर राहणार नाही.

म्हणून चोरी माफ होते असं नाही, आणि त्या मुलाला मी तेच सांगितलं. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने ‘राजी’ केला. २०१७ मध्ये लोकवर्गणीचा प्रयत्न फसला, तरी माणसं हटली नाहीत; २०२० मध्ये गेम आला. धाकट्या भावाला, गोलूला, शोधायला निघालेली मुलगी, समोर राक्षस, पाठीशी दुर्गा. असा गेम फुकट फिरवणं म्हणजे पुण्यातल्या मोजक्या माणसांच्या ताटातला घास काढणं. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चोरीची प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आहे. पण पोराला कैदेचा धाक घालण्याआधी मोठ्या कंपन्यांनी आमच्या खिशाकडे बघून भाव लावावा, आणि एकदाच पैसे घेऊन गेम पुरा द्यावा.

मुलगा गप्प ऐकत होता. मग त्याने विचारलं, ‘राजी केवढ्याला आहे जी?’ आम्ही दोघांनी मिळून किंमत शोधली.


‘धान विकल्यावर घेतो,’ तो म्हणाला.